पूल पाडणाऱ्याचं सुतक

मंडळी, ऐका! लढाईत हुकूम पाळला आणि त्यात निरपराध माणूस मेला, तर त्याला काय म्हणायचं? पाप की पराक्रम? बोला ना! ओ पाटील, चहा कधी येणार ते बरोबर ठाऊक असतं, उत्तर तेवढं ठाऊक नाही. असू द्या.

तर उद्धव शिर्के. विमानदलातला वैमानिक. हुकूम आला – नदीवरचा पूल पाड, शत्रूचे रणगाडे त्यावरूनच येणार! उद्धवने विमान खाली घेतलं, नेम धरला आणि सोडला बॉम्ब. धडाम! पूल पाण्यात!

वा, काय टाळ्या! पुढचं ऐकायचीसुद्धा सवड नाही तुम्हाला.

विमान वळवलं, तेव्हा उद्धवला दिसलं. रणगाडे अजून लांब होते. पुलावर बाजारकरी होते. बैलगाड्या, डोक्यावर पाट्या घेतलेल्या बाया. सगळे पाण्यात.

लढाई जिंकली. उद्धव घरी आला तो नेमका भैरोबाच्या जत्रेला. गावाने ठरवलं, मानाचा नारळ यानेच फोडायचा. ताशे वाजतायत, आणि हा आपला देवळाच्या पायरीखालीच उभा!

गुरव म्हणाला, "अहो, वर या की."

"नाही येता येत. सुतक आहे."

"कुणाचं?"

"नावं माहीत नाहीत. पुलावर होते."

गुरव वैतागला. "सुतक भाऊबंदांचं धरतात, शत्रूचं नाही!"

"शत्रू रणगाड्यात होता, काका. पुलावर बाजारकरी होते."

"मग पूल पाडायचा नव्हता का?"

"पाडायलाच हवा होता. नाहीतर आपली पोरं मेली असती. उद्या हुकूम आला तर पुन्हा पाडीन. पण नारळ फोडणार नाही."

गाव चिडलं. कुणी म्हणालं, डोकं फिरलं याचं. तेवढ्यात गर्दीतून त्याची आई, अनसाबाई, पुढे आली. आता ही पोराला समजावणार, असं सगळ्यांना वाटलं. तिने त्याचा हात धरला.

"चल घरी. आंघोळ कर. चूल मीही पेटवत नाही आज."

मायलेक निघून गेले. नारळ तसाच राहिला.

आता सांगा, मघाशी धडाम म्हटल्यावर टाळ्या कुणी वाजवल्या? खाली बघू नका! ज्याने बॉम्ब टाकला त्याने सुतक धरलं, आणि तुम्ही इथे सतरंजीवर बसून मांड्या थोपटता? मी तरी किती ओरडू? बायांनो, बाप्यांनो, त्या पुलावरच्यांसाठी आधी हात जोडा. गप्प बसा घटकाभर. मग त्याच हातांनी टाळी द्या, आणि घ्या विठ्ठलाचं नाव.