धुरळ्यात आऊट कोण?

नाही, तुम्हीच सांगा, मैदानात अठरा खेळाडू आणि अठराच्या अठरा एकच गाढव, तर कुणी कुणाला ओळखायचं? आणि पंच? तोही तोच! तुम्हाला सांगतो, आमच्या स्टुडिओच्या हॅलोरन साहेबांना बेसबॉलवर कार्टून काढायचं होतं, नवी पात्रं करायला वेळ नव्हता, तर म्हणाले, "आपला मर्ल गाढव आहे की. सगळीकडे त्यालाच घाल." घाल म्हणजे... काढायचं मी! शेवटचा प्रसंग माझ्या गळ्यात. लाल टोपीचा मर्ल धावत येऊन प्लेटवर, म्हणजे धाव पुरी होते त्या पाटीवर, घसरतो, निळ्या टोपीचा मर्ल त्याला चेंडू लावून आऊट करायला बघतो आणि काळ्या टोपीचा मर्ल निकाल देतो. जमलं तर पडद्यावर माझं नाव, आयुष्यात पहिल्यांदा! आणि ते बघायला येणार कोण? आमचे वडील, ओमाहाहून. उभा जन्म बेसबॉलच्या पंचगिरीत गेलेला माणूस!

ते आले ते थेट स्टुडिओत. आता आमच्याकडे प्रत्येकाच्या टेबलावर आरसा असतो, जो चेहरा काढायचा तो आधी स्वतः करून बघायचा... तर मी ओठ पसरून, दात विचकून गाढव झालेलो, आणि वडील दारात. मला बघितलं, आरशाकडे बघितलं. मग म्हणाले, "डेल, याचा पगार देतात?" मी घाईघाईनं चित्रांची चळत फरफर उलटून दाखवली. त्यांनी एवढंच विचारलं, "आऊट कोण?"

आता झालं होतं काय, की हातपाय काढून काढून वैतागलो, म्हणून मी मध्ये धुरळा उडवला. धुरळा काढायला सोपा असतो हो! वर हशा यावा म्हणून तिघांच्या टोप्याही उडवल्या. आणि टोपी सोडली तर तिघांत फरक काय? काही नाही! धुरळा बसला, तीन बोडकी गाढवं उभी, वरून टोप्या परत डोक्यांवर पडतायत, आणि कुठली कुणाची ते माझं मलाच कळेना... आऊट कोण?

तेवढ्यात रंगखात्याच्या ओपलबाई आल्या. म्हणाल्या, "पोरी ब्रश धरून बसल्यात बाळा. लाल टोपीवाला यातला कुठला?" म्हटलं, मधला. "मग त्याच्याच हातात चेंडू कसा?" मी आरशात बघितलं. तिथेही गाढवच. म्हटलं, बाई, तुम्हाला बरं दिसेल तसं रंगवा!

ग्लेनडेलच्या थेटरात पहिला खेळ. माझं नाव आलं... आणि वडील नेमके चष्मा पुसत होते! पुसून होईतो नाव गेलं, शेवटी धुरळा बसला, तर काय, चेंडू लाल टोपीवाल्याच्याच हातात, निळ्याच्या डोक्यावर काळी टोपी, आणि पंच मोठ्या रुबाबात स्वतःलाच आऊट देतोय! लोकांनी थेटर डोक्यावर घेतलं, साहेब हसून हसून खुर्चीवरून खाली आले. घरी जाताना मोटारीत शेवटी मीच विचारलं, बाबा, आऊट कोण?

म्हणाले, "तिघेही. तीन आऊट म्हणजे डाव संपला. निकाल बरोबर आहे."

सोमवारी साहेब खूश! आता फुटबॉल काढायचंय. बावीस मर्ल. आणि जाता जाता म्हणतात, "सामना पावसातला घेऊ डेल. सगळे चिखलात."

वडील येतायत. या वेळी म्हणे, चष्मा घरूनच पुसून आणतो.