बुधवारी दुपारचा पहिला खेळ

(पॅरिस. बुधवार, म्हणजे नव्या सिनेमांचा वार. थिएटरसमोरच्या कॅफेत विनोदी सिनेमांचा नावाजलेला दिग्दर्शक रेजिस जीव मुठीत धरून बसलाय. त्याची संकलक आणि घटस्फोटित बायको गिस्लेन पहिला खेळ पाहून नुकतीच समोर येऊन टेकलीय.)

गिस्लेन : हसले म्हणजे हसले. आता त्यात काय फोड करून सांगू? कॉफी पी, गार झालीय.

रेजिस : अगं, बापाच्या अंत्यविधीचा सिनेमा आहे तो! तीन वर्षं एकेक विनोद वेचून बाहेर काढलाय, तांदळातले खडे काढावेत तसा.

गिस्लेन : एक मोठा खडा राहिला. लूसियां.

रेजिस : लूसियांने आयुष्यातलं सर्वोत्तम काम केलंय.

गिस्लेन : केलंय ना. पण तो पडद्यावर आला की लोकांना तुझ्या ‘सासूबाई बोटीवर’मधला खलाशी दिसतो. भाग एक, दोन आणि तीनमधला. त्याने शवपेटीवर नुसता हात ठेवला, तर माझ्या शेजारची बाई पर्समध्ये तोंड खुपसून हसायला लागली. तिला वाटलं, आता पेटी घसरणार.

रेजिस : पेटी घसरत नाही.

गिस्लेन : म्हणून तर हसू थांबेना. बिचारी वाट बघत राहिली.

रेजिस : चाळीस वर्षं या देशाला हसवलं. समीक्षक काय म्हणाले? रविवारी जेवून पेंगत बघायला बरा! पुरस्कार सोहळ्याला दरवर्षी बोलावतात, ते दुसऱ्याच्या हातात पुरस्कार देताना गंमत करायला. म्हटलं, एकदा तरी लोकांनी गप्प बसून बघावं.

गिस्लेन : समीक्षकांनी ऐकलं की तुझं. आजच्या पेपरात एक ओळ नाही.

रेजिस : घटस्फोट झाला, तरी टोमणे सुटले नाहीत तुझे.

गिस्लेन : वाटणीत तेवढेच आले माझ्या. बरं, फाब्रिसचा फोन होता.

रेजिस : निर्माता माझा आणि फोन तुला?

गिस्लेन : तू उचलत नाहीस. तो म्हणतो, हॉल निम्मा रिकामा होता, पण होते ते हसले. तेव्हा पोस्टर बदलू. समुद्र, धुकं, काळोख, सगळं बाद. पांढऱ्यावर लाल ढोबळ अक्षरं, आणि शवपेटीमागून डोळे वटारलेला लूसियां.

रेजिस : माझ्या वडिलांचं मरण आहे ते, गिस्लेन!

गिस्लेन : ठाऊक आहे. मी होते तिथे. दफनभूमीत तुझ्या काकांचा बूट चिखलात रुतून राहिला, तेव्हा पहिल्यांदा फिस्सकन कोण हसलं होतं?

रेजिस : …आई.

गिस्लेन : आणि तिच्यामागून तू. तेवढं मात्र सिनेमात नाही.

रेजिस : पोस्टर नाही बदललं तर?

गिस्लेन : सोमवारी थिएटरवाले कुठला सिनेमा ठेवायचा, कुठला उतरवायचा ते ठरवतात. हा उतरला, की पुढच्याला पैसे नाहीत म्हणतो फाब्रिस. तुझं वय विचारत होता.

रेजिस : किती सांगितलंस?

गिस्लेन : खरं. हळहळला.

रेजिस : आणि बदललं, तर लोक म्हणतील, म्हाताऱ्याने बापाचंही हसं केलं.

गिस्लेन : म्हणू देत. तिकीट काढून तरी म्हणतील. संध्याकाळच्या आत त्याला हो की नाही ते हवंय.

रेजिस : दिवे लागल्यावर काय झालं? लगेच उठले सगळे?

गिस्लेन : नाही. बराच वेळ कुणी उठलं नाही. पुढच्या रांगेत एक आजोबा डोळे पुसत होते. हसून की रडून, ते मला कळलं नाही. त्यांनाही कळलं असेल असं वाटत नाही.

रेजिस : …सांग त्याला, बदल म्हणावं. लूसियांचे डोळे मात्र वटारायचे नाहीत. आहेत तसे ठेवायचे.

गिस्लेन : सांगते.

रेजिस : आणि चर्चमध्ये तो पाद्री माझ्या बाबांचंच नाव विसरतो, तिथे हसले?

गिस्लेन : तिथे तर सगळ्यात जास्त. पुढचं वाक्य कुणाला ऐकूच आलं नाही.

रेजिस : मग पाद्र्याच्या शॉटवर जरा जास्त थांबायला हवं होतं.

गिस्लेन : संकलनाच्या वेळी मी तेच म्हणत होते. तू म्हणालास, नको, लोक हसतील.