आक्काचा दिल्लीतला फोटो

दिल्लीत काय बघितलं म्हणून विचारताय ना? सांगतो. थोरल्या बहिणीला, आमच्या आक्काला, कुरुंदवाडहून तिथल्या मोठ्या दवाखान्यात नेलं होतं. डॉक्टरांनी मला बाजूला घेऊन सांगितलं, आता उपाय नाही, घरी न्या. आक्काजवळ मी काहीच बोललो नाही. गाडी संध्याकाळची होती. तीच म्हणाली, "राजधानीत आलोय, तर फुकटात काय बघाय मिळतंय ते तरी दाव की."

मोबाइलवर नकाशा लावून आम्ही चालत लोधी गार्डनला गेलो. प्रत्येक जुन्या घुमटापाशी ती टेकायची, दम खायची, मग पुढं निघायची. शेवटच्या घुमटापुढं तिनं पदर सारखा केला.

"माझा एक फोटो काढ."

अख्खा घुमट यावा म्हणून मी मागं सरकलो.

"घुमट नको. नुसता चेहरा घे."

"एवढ्या लांब येऊन नुसता चेहरा?"

"घरात तुझ्या दाजींच्या हार घातलेल्या फोटोशेजारी लावायचाय. त्यांचा बी नुसता चेहराच हाय."

मी घाईनं बटण दाबलं. फोटो हलला. तिनं मोबाइल घेऊन बघितला आणि परत माझ्या हातात दिला.

"धड काढ की. रोज तुम्हास्नीच बघाय लागणार हाय."