चौऱ्याहत्तरच्या जागी एकवीस

नाही नाही मॅडम, 'बरोबर' नका लिहू. खोडा ते. मी बारा म्हणलं, आठ म्हणलं, सहा, एकोणतीस, सत्तावन्न — पटापट सांगतलं, तुम्ही मान हालवली, म्हणल्या उत्तमराव, तुमचे रंग एकदम पक्के. काही पक्के नाहीत. तोंडातून आपोआप गेलं ते, जशी आरती जाते. हे तुमचं ठिपक्यांत आकडे लपवेल पुस्तक मले पाठ आहे, पह्यल्या पानापासून. काऊन पाठ आहे? तेच तर सांगून राह्यलो. — महादेवराव, मागून ढकलू नका, तुमचा मोतीबिंदू या शिबिरासाठी दोन वर्षं थांबला, अजून पाच मिनिटं थांबते.

आधीच सांगतो, या अमडापुरात कोणालेही ईचारा उत्तमराव कसा माणूस आहे. म्हणतील, एक नंबर थापाड्या. खोटं नाही ते. मी इथल्या पारावर बसून सुलतानपूरच्या बाजारातली केळी पिकली का कच्ची ते सांगत होतो. लोक हसत, चहा पाजत, म्हणत उत्तमरावची नजर म्हणजे घार. अन् खरं काय, तर केळं नाही, मिरची हातात घेतली तरी मले समजत नाही. लहानपणी माय म्हणे लाल लाल तोडून आण, मी हिरव्यांनी टोपलं भरून आणलं. मार बसला. मंग थाप माराले शिकलो — म्हणलं, मुद्दाम आणल्या, उद्या पाहुणे येऊन राह्यले, ठेचा लागते. तिथून जे वळण लागलं ते लागलं. लाल, हिरवा, चॉकलेटी — माह्यासाठी सारं एकाच चिखलातलं आहे. निळं दिसते. पिवळं दिसते. बाकीचं लोक म्हणतात तसं मी म्हणतो.

पुस्तक पाठ झालं ते गणेशपायी. गणेश म्हणजे माह्या बहिणीचा, शालूचा पोट्टा. तिचा नवरा गेल्यापासून मायलेक माह्याच घरी. पोट्टा हुशार — रेल्वेचं इंजिन चालवाच्या नोकरीचा पेपर पास झाला, राह्यली फक्त डोळ्यांची तपासणी. अन् चिखलीच्या डॉक्टरनं त्याले आधीच सांगतलं का तुले लाल-हिरवं ओळखू येत नाही. मायले नाही सांगतलं त्यानं, माह्यापाशी आला. मी म्हणलं, रडतं काय बे, मामा आहे ना. अकोल्याहून हेच पुस्तक पैदा केलं, मागं उत्तरं छापेल. तवा मले पह्यल्यांदा समजलं का माह्या चिखलाले नाव आहे — जिथं उत्तर चौऱ्याहत्तर, तिथं मले एकवीस दिसे. गणेशलेही एकवीस. तो म्हणे, मामा, तुले किती दिसते? मी म्हणलं, चौऱ्याहत्तर, साफ. का सांगाचं नव्हतं? सांगाचं होतं. पण त्याच्यासाठी मी घार होतो ना. दोन महिने आम्ही वखर हाकता हाकता पाठ केलं — बारा, आठ, सहा, एकोणतीस — बैलांलेही पाठ झालं असंल. अन् रेल्वेच्या डॉक्टरनं पुस्तक मधातूनच उघडलं. चौऱ्याहत्तरच्या पानावर गणेश म्हणला, बारा.

वापस आला. ते साल दोन हजार सतराचं, बोंडअळीचं. बीटीले अळी लागत नाही म्हणून सांगेल होतं, अन् बोंड फोडलं का आत अळी. गुलाबी आहे, गुलाबी आहे, लोक म्हणत. मीही म्हणे, हाव, गुलाबी आहे. कपाशीची पऱ्हाटी माणसाच्या डोक्याच्या वर गेली होती, सारं गाव फवारून राह्यलं होतं. एक दिवस सकाळी शालू त्याले बोलली. एकच वाक्य — "मामासारखाच थापाड्या निघाला, म्हणे आगगाडी चालवतो." वाईट नाही हो बाई, वैतागेल होती. त्यानं भाकर अर्धी सोडली अन् पंप घेऊन वावरात आला.

कोठ्यात मागच्या सालची अर्धी बाटली होती. बाटलीवर एक चौकोन असते — वरच्या अंगाले खोपडी नाहीतर इशारा, खालच्या अंगाले रंग. लाल असंल तर जहाल, हिरवा असंल तर त्यातल्या त्यात सौम्य. वरचा कागद ओलीनं गळून गेला होता, खालचा रंग तेवढा राह्यला होता. गणेशनं बाटली माह्या हातात देली. आता त्याले माहीत होतं ना, आपले डोळे कामाचे नाहीत. म्हणला, मामा, हा रंग कोणता? लाल असंल तर घरी जाऊन हातमोजे आणतो, तोंडाले बांधतो.

मलेही दिसत नाही बे. एवढंच म्हणाचं होतं. पारावर शंभर माणसांत बोलणारा मी, अन् वावरात आम्ही दोघंच. मी बाटली उन्हात धरली, एक डोळा मिटला, सोनार पाह्यते तशी पाह्यली — अन् म्हणलं, हिरवा आहे. मार बिनधास्त.

गरमी होती. त्यानं शर्ट काढून बांधावर ठेवला.

संध्याकाळी म्हणे, मामा, सारं धुरकट दिसून राह्यलं. मंग ओकाऱ्या. तिसऱ्या दिवशी गेला. बाटली मी चिखलीच्या दुकानदाराले दाखवली, सहज ईचारल्यासारखं. लाल, म्हणला.

गावानं ठरवलं का नोकरी हुकली, माय बोलली, पोट्ट्यानं इख घेतलं. शालूनंही तेच धरलं. सात वर्षं झाली मॅडम, बाई कोणाले वाकडं बोलत नाही. बकरी पऱ्हाटीत घुसली तरी हाड म्हणत नाही, उभी राहते नुसती, का आपल्या बोलण्यानं अजून कोणाचं काही होईन. अन् मी सात वर्षं तिच्या हातची भाकर खाऊन राह्यलो. यंदा पित्राच्या दिवशी, तिनं गणेशचं पान वाढलं, तवा राहवलं नाही. सारं सांगतलं. बाटली जपून ठेवेल होती, ती पुढं ठेवली. तिनं ऐकून घेतलं, मले पाणी देलं, अन् म्हणली, "दादा, लाल तर कोणालेही दिसते. माह्यं मन हलकं कराले किती खोटं बोलशीन?"

जिंदगीत एक खरी गोष्ट सांगतली, तेवढीच तिनं थाप धरली.

म्हणून तिले दाखवाले तुमचा शिक्क्याचा कागद पाह्यजे. उघडा पुस्तक, मधातून उघडा, कुठूनही. हं. हे एकवीस. आता तरी खरं बोलून राह्यलो — एकवीस. हे? काही नाही. हेही काही नाही, ज्वारी सांडेल आहे नुसती. झालं ना? लिहा. लाल-हिरवं ओळखू येत नाही, जन्मापासून. 'जन्मापासून' मोठं लिहा.

काय म्हणता? मायकडून येते? मले माह्या मायकडून — अन् गणेशले शालूकडून? तिले स्वतःले तर सारं दिसते. हां. तिले दिसते, पण तिच्यातून येते.

ते नका लिहू. तेवढी ओळ नका लिहू मॅडम, हात जोडतो. तिले वाचता येते. त्या कागदावर माह्यं एकट्याचं नाव राहू द्या, दुसऱ्या कोणाचंच नको.

द्या इकडं. शिक्का मारला ना? कोणत्या रंगाचा उठला — नाही, तुम्ही नका सांगू. ते शालूले ईचारतो.

या महादेवराव, बसा.