एक वाजताचा गजर

बायको गेली आणि तिच्या गोळ्या उरल्या. त्या परत द्यायला म्हातारा सुतार दवाखान्यात आला होता. शेजारच्या बाकावर बहीण-भावाची जुंपली होती.

"ताई, मी ठणठणीत आहे. दिवसभर दुकानात उभा असतो."

"ते गोळीमुळे. रक्ताचा कॅन्सर आहे तो, सर्दी नाही. गोळी त्याला दाबून ठेवते, उपटून काढत नाही. सोडलीस की तो डोकं वर काढणार, डॉक्टरांनी बजावलंय ना?"

"सोडली नाही गं. राहून जाते. घरात विचारणारं कोण आहे?"

"मी करते ना फोन!"

"मागच्या महिन्यात केला होतास."

तेवढ्यात सुताराच्या खिशात बायकोच्या गोळीचा गजर वाजला. तो त्याने अजून काढला नव्हता.

"बघ, काकांच्या हातात गोळ्या आहेत, तेसुद्धा गजर लावतात."

"काका, गजर वाजला की कुणी विचारल्यासारखं वाटतं का हो?"

"नाही वाटत. पण तो वाजला नाही, तर घर फार शांत होतं."

भावाने फोन काढला.

"तुमचा रोज एकचाच का, काका?"

"हो, एकचा. जेवणानंतरचा."

"मग माझाही एकचाच लावतो."