माळवदावरची माती

लातूरच्या स्टँडवर धुरपताबाई किल्लारीच्या गाडीची वाट बघत बसल्या होत्या. पाठीमागच्या बाकड्यावर क्लास बुडवून भुताचा नवा पिक्चर बघून आलेली दोन पोरं वाद घालत होती.

“मोहसीन, भूत सगळं कंप्युटरचं हाय गड्या. वजनच न्हाई त्याला. जुन्या पिक्चरमधी नुसतं पडकं घर होतं, तरी अंगावर काटा यायचा.”

“पण यार आदर्श, ष्टोरी तर इमानदारीनं जुळवली ना? नव्यात ते घर पडायच्या आधीचं दाखवलं. तेच दार, तीच माणसं.”

“हाव, ते खरं. भूत आलं तवा मला हसू आलं. भ्या वाटलं ते त्या घरातल्या बाईला बघून. माळवदातून ताटात माती गळती, अन् ती म्हणती, उंदीर असतील.”

धुरपताबाईंनी मांडीवरचा पदर झटकला. किल्लारीच्या भूकंपाआधी त्यांच्या माळवदातूनही अशीच माती गळायची.

“अन् नवऱ्याला म्हणती, पावसाचं लई गळतंय, वर अजून माती टाका. तो बिचारा पाट्या भरभरून टाकतो. थेटरात समद्यांना म्हाईत, त्याच वजनानं माळवद खाली येणार.”

धुरपताबाई मागं वळल्या.

“लेकरांनो, त्या बाईला कुणी सांगत न्हाई का रे, आज घरात निजू नको म्हणून?”

“कोण सांगंल, आजी? जुन्या पिक्चरमधी ती आतच मेलेली हाय, सांगितलं तर तो खोटा पडंल की.”

“पुन्यांदा बनवला तरी?”

“धा वेळा बनवला तरी, आजी. तिला आतच निजावं लागतंय.”

किल्लारीची गाडी लागली. धुरपताबाईंनी पुन्हा पदर झटकला, अन् बसूनच राहिल्या.