केली सरपोतदारचं बारसं

…आणि वर मलाच विचारतो, "ताई, तू का चिडलीस?" का चिडलीस म्हणे! अरे, तीन दिवस? तीन दिवसांत बाळाचं नाव? तुम्हाला सांगते, आमच्याकडे तीन दिवसांत बाळाचं नाक कोणावर गेलंय ह्याचासुद्धा निकाल लागत नाही, सासरचे म्हणतात नाक आमचं, माहेरचे म्हणतात नाक घ्या तुम्हाला पण कपाळ आमचं, आणि इथलं सरकार म्हणतं तीन दिवसांत नाव नोंदवा! बरं, नोंदवा. पण नाव ठेवतं कोण? आत्या! आत्या कोण? मी! आणि मी कुठे? पुण्यात, सहकारनगरला, डिंकाचे लाडू वळत!

नाही, चिडत नाही, नीट सांगते. हा यतीन, माझा धाकटा भाऊ. धाकटा म्हणजे चौदा वर्षांनी धाकटा, त्याला मी कडेवर घेऊन हिंडले, आणि आता कानाला ते हेडफोन लावून मला शिकवतो. आठ वर्षं झाली, अॅमस्टरडॅममध्ये बुइटनव्हेल्डर्टला राहतो. बायको शलाका, गुणी मुलगी, तिच्याबद्दल माझी तक्रार नाही, असली तरी आज सांगणार नाही. किती वर्षांनी ह्यांच्या घरात पाळणा हलायचा होता! आई गेली, बाबा गेले, आमच्या घरात आता मोठी मीच. आणि मोठेपणाला मान किती? तर हा एवढा एकच. भाचीच्या कानात नाव सांगायचं. बाकी मला कोण विचारतंय हो?

नाव मी केव्हाच ठरवून ठेवलं होतं. काय ते? नाही सांगायचं! आमच्यात बारशाआधी आत्याने नाव फोडायचं नसतं. माझ्या आत्याने नाही फोडलं, तिच्या आत्याने नाही फोडलं, मग मी कशी फोडू? मुलगा झाला तर एक, मुलगी झाली तर एक, दोन्ही पोटात ठेवून बसले होते. तिकीट काढलेलं, व्हिसा झालेला, आणि निघताना, म्हणजे निघायच्या महिनाभर आधीपासून, यतीनला रोज फोनवर बजावत होते, "हे बघ, शेवटच्या दिवसांत तिला एकटीला टाकून कुठे जायचं नाही. तिच्या आईचा व्हिसा अडकलाय, मी अजून इथे. शपथ घे." घेतली हो शपथ त्याने! गळ्याला हात लावून, व्हिडिओवर!

आणि बाळ आलं दोन आठवडे आधी. बाळांना काय, त्यांना तिकीट थोडंच काढावं लागतं!

मी इकडे आनंदाने रडतेय, पेढे वाटतेय, आणि तिसऱ्या दिवशी ह्याचा फोन. "ताई, मी खमेंटेत उभा आहे." खमेंटे म्हणजे इथली नगरपालिका. "आज शेवटचा दिवस आहे, नाव सांग." मी म्हटलं, बाराव्या दिवशी. "ताई, इथे तसं चालत नाही." मी म्हटलं, "न चालायला काय झालं? त्या बाईंना सांग, आत्या येतेय, बाराव्या दिवशी या म्हणावं, नाव ऐका आणि घुगऱ्या खाऊन जा!" तो म्हणतो, "ताई, कानात नको, फोनवर सांग, मी कोणाला सांगत नाही." कोणाला सांगत नाही काय? सरकारला सांगायचंय ना! मी म्हटलं, "अरे मग नुसतं बेबी लिही. आपल्याकडे लिहितातच की, बेबी ऑफ शलाका." तर म्हणे नाव कोरं ठेवता येत नाही. मी म्हटलं, "यतीन, परंपरा म्हणजे परंपरा!" आणि ठेवला फोन. आता तुम्हीच सांगा, माझं काही चुकलं? चुकलं असेल तर तसं बोलू नका.

तासाभराने व्हॉट्सअॅपवर निरोप. "नाव केली." मी लिहिलं, नोंदणी केली ना, छान, पण नाव काय ठेवलंस? तर म्हणे केली. नावच केली! केली यतीन सरपोतदार! आता ह्यावरचे सगळे विनोद आमच्या नातेवाइकांनी करून झालेत, एका काकांनी तर दोनदा केलेत, तुम्ही कृपा करून करू नका.

मी विचारलं, हे काय नाव? म्हणाला, "गेलिक आहे, ताई. आयर्लंड-स्कॉटलंडचं. प्राचीन." प्राचीन! विमानात बसायच्या आधी मी सगळं शोधून काढलं. रिकामी बसले नव्हते! एका ठिकाणी लिहिलंय, अर्थ सडपातळ. सरपोतदारांच्या घरात सडपातळ? सात पिढ्यांत नाही झालं कोणी! दुसऱ्या ठिकाणी लिहिलंय, गेलिक भाषेत केली म्हणजे संध्याकाळची बैठक, गाणी, नाच. तिसऱ्या ठिकाणी म्हणे काही अर्थ नाही, 'के' आणि 'ली' एकमेकांना जोडलेत, झालं नाव. आणि प्राचीन कसलं, चाळीसेक वर्षांपूर्वी ह्या नावाची लाट आली म्हणे! म्हणजे माझ्यापेक्षा लहान! ज्या नावाला मी ताई लागते ते नाव माझ्या भाचीला?

विमानातून उतरले ती ठरवूनच. कागदावर काय वाट्टेल ते असू दे, कानात मी माझंच नाव सांगणार. कान सरकारचा नाही. आत्या कोण? मी!

घरात पाऊल टाकलं तर काय, टोस्टवर लोणी आणि लोण्यावर गुलाबी बडीशेप! इथे मुलगी झाली की हेच वाटतात. अहो, जेवणानंतर आपण चिमूटभर तोंडात टाकतो ती गोळ्यांची बडीशेप, ती टोस्टवर! खाल्ली. वाईट नव्हती. आणि बाळाला बघायला येणारे लोक, तुम्हाला सांगते, वेळ ठरवून येतात! "मंगळवारी साडेतीन ते साडेचार." साडेचारला उठतात. गप्पा रंगलेल्या असल्या तरी उठतात, वाक्य अर्धं टाकून उठतात! मी शलाकाला म्हटलं, अगं ह्यांच्याकडे कोणी सहज म्हणून येतच नाही का? ती म्हणाली, "ताई, सहज यायला आधी विचारावं लागतं."

आता बारशाची तयारी. पाळणा कुठाय? पाळणा नाही! लाकडाचा पिंजरा आहे, चार पाय जमिनीत रोवलेले, हलतच नाही. मी म्हटलं, न हलणाऱ्या पाळण्यात बारसं? मग मूल काय आणि लोणच्याची बरणी काय? वरवंट्याला कुंची घालून तो आधी पाळण्यात ठेवायचा, तर वरवंटा नाही. यतीनने व्यायामाचं डंबेल आणलं. घातली कुंची त्याला! काय करता? आणि पाळण्याचं रडगाणं ऐकून शेजारची पोरगी आली. तिशीची असेल, ही उंच, हातभर गोंदवलेलं, अॅमस्टरडॅमची ट्राम चालवते. म्हणाली, "माझी बाकफीट्स चालेल का?" म्हणजे ती सायकल हो, पुढे मोठा लाकडी खोका असतो, त्यात मुलं बसवून नेतात. तिने ती मागच्या अंगणात आणली, खोक्याला शेवंतीच्या माळा लावल्या, सायकल धरून अशी मागेपुढे केली, आणि खरंच सांगते, झोके छान बसत होते. मी तिला नाव विचारलं. म्हणाली, "केली."

मी यतीनकडे बघितलं. यतीन झाडाकडे बघत होता. मी म्हटलं, हो का, योगायोग! तो म्हणाला, "ताई, इथे खूप असतात." मी त्या पोरीलाच विचारलं, तुझ्या नावाचा अर्थ काय गं? ती खांदे उडवून म्हणाली, "काय माहीत, आईला आवडलं. माझ्या वर्गात तीन होत्या." घ्या! हिला स्वतःलाच पत्ता नाही!

बारशाला यतीनच्या ऑफिसातला ब्रेंडन आला होता. हा अस्सल आयर्लंडचा. मी त्याला धरलाच. म्हटलं, बाबा, तूच सांग एकदा. तो लाजत लाजत म्हणतो, "मावशी, खरं सांगू? आमच्या गावात ह्या नावाची एकही बाई नाही. शब्द आमचा, पण त्याचं मुलींचं नाव बाहेरच्यांनी केलं, असं म्हणतात. आमच्याकडे केली म्हणजे रात्रीची जेवणं झाली की एकाच्या घरी सगळे जमतात. बोलावणं नसतं. कोणी गातं, कोणी गोष्टी सांगतं, चहा होतो." मी म्हटलं, बोलावणं नसतं? म्हणजे सहज येतात? म्हणाला, "सहजच." मला जरा बरं वाटलं हो. पण माझं नाव ते माझं नाव. बरं वाटलं म्हणून हक्क सोडायचा का?

झालं, मुहूर्ताची वेळ. बाळाला कुंची, काजळ, तीट, सगळं. खोक्यात ठेवली. बायका जमल्या, मी पदर खोचला, वाकले. आणि ती ट्रामवाली केली, खोक्याच्या कडेवर थाप मारून, हसत हसत म्हणते, "हिची आई पण इथेच बसली होती, त्या दिवशी! केवढी ओरडत होती! मी सिग्नल तोडले!"

मी सरळ उभी राहिले. कोण बसली होती? कुठे? कोणत्या दिवशी?

यतीन पुटपुटला, "ताई, ते मी सांगणारच होतो…"

काय सांगणार होता माहितीय? हा गृहस्थ त्या दिवशी मास्ट्रिख्टला होता! देशाच्या दुसऱ्या टोकाला! एका दिवसाचं काम, म्हणे, आणि बाळाला अजून दोन आठवडे वेळ, म्हणे! शपथ घेतलेली माझी! आणि इकडे शलाकाला कळा सुरू, घरात कोणी नाही, टॅक्सी येईना, ही जिन्यात बसून रडतेय, आणि ही पोरगी रात्रपाळी करून झोपायला येत होती. तिने काही विचारलं नाही. गाद्या टाकल्या खोक्यात, शलाकाला बसवलं, आणि मारली सायकल हॉस्पिटलपर्यंत. आणि सोडून परत नाही आली. यतीन पोचेपर्यंत हात धरून बसली. शलाका म्हणाली, "ताई, मी मराठीत ओरडत होते, हिला एक अक्षर कळत नव्हतं, आणि ही प्रत्येक वेळी 'या, या' म्हणत होती, म्हणजे ह्यांच्या भाषेत 'हो, हो'." माझ्याकडून नाव आलं नाही तर कोणतं ठेवायचं, हे शलाकाने तिथेच ठरवलं होतं. मला सांगितलं नाही, कारण नावाचं कारण सांगितलं तर मास्ट्रिख्ट सांगावं लागलं असतं, आणि मास्ट्रिख्ट सांगितलं तर ताईने सोलून काढलं असतं. म्हणून काय तर, "गेलिक आहे, प्राचीन आहे!"

सोलणारच होते! तोंड उघडलं होतं मी! पण शलाकाकडे बघितलं. परक्या देशात जिन्यात एकटी बसलेली ती पोर डोळ्यांपुढे आली. तिथे आत्या हवी होती. मी नव्हते. ही होती. मग मान कसला माझा? माझे डोळे भरून आले, लपवत नाही मी.

वाकले, बाळाच्या कानाला तोंड लावलं, आणि म्हटलं, "कुर्रर्र… केली!" आणि आपल्या रिवाजाप्रमाणे आत्याच्या पाठीत बुक्के. बायका हळू मारतात हो, लुटूपुटीचे! पण शलाकाने त्या ट्रामवालीला रिवाज समजावून सांगितला होता, लुटूपुटीचं सांगायचं राहिलं होतं. तुम्हाला सांगते, तिने असा एक हाणला की मी खोक्यात बाळाशेजारी जायची राहिले! दुसऱ्या दिवशी इथल्या डॉक्टरकडे गेले, त्यांनी पाठीला हातही लावला नाही, म्हणाले पॅरासिटामॉल घ्या.

आणि त्या दिवशी साडेचारला कोणी उठलं नाही बरं का. ब्रेंडनने गाणं म्हटलं, मी पाळणा म्हटला, घुगऱ्या संपल्या, पोहे केले, तेही संपले.

निघताना ती केली माझ्याशेजारी येऊन बसली. म्हणाली, "मला आज कळलं, नाव ठेवायचा मान तुमचा होता. मी तुमची जागा घेतली. तुम्ही काय ठेवणार होतात?" आता काय लपवायचं? आणि कोणासाठी? मी सांगितलं. जन्मात पहिल्यांदा कोणाला सांगितलं, तिला. मृण्मयी. अर्थही सांगितला, मातीची. ती दहादा घोकत बसली, जीभ वाकडी करून, पार 'मृ' जमेपर्यंत. डोळ्यांत पाणी आलं तिच्या. म्हणाली, "हे नाव वाया जाऊ देणार नाही मी." मला वाटलं, किती गोड मुलगी!

पुढच्याच आठवड्यात तिने कुत्रीचं पिल्लू आणलं.

नाही, हसा तुम्ही, हसा! आता मी रागवू कशी? इतक्या प्रेमाने ठेवलंय! रोज सकाळी बागेत हाक येते, "मृण्मयी, कोम!" कोम म्हणजे ये. आणि उच्चार? खणखणीत! आमच्या पुण्यातल्या निम्म्या लोकांना जमणार नाही असा! आणि ते पिल्लू कान उडवत धावत येतं ते मालकिणीला सोडून थेट माझ्या अंगावर, पातळाला चिखल, हाताला चाटणं, मी कितीही ओरडले तरी शेपूट थांबत नाही. आणि घरातली ती दुसरी, सरपोतदारांची केली! अजून मला बघितलं की भोकाड पसरते. जाऊ दे… एक तरी भाची हाकेला ओ देते!